जपानचे विनोदी ग्रंथकार इक्कू

मूकपटांच्या काळीं, १९२७ सालीं, जपानांतील निक्कात्सु कंपनीनें याजी व किता या दोन वाटसरूंवर एक विनोदी चित्रपट काढला. पडद्यावर आवाज नव्हता. बाजूस उभा राहणारा निवेदक तो पुरवी. प्रेक्षकांस मात्र ही जोडी मुळींच नवी नव्हती. तिचे जनक जिप्पेन्शा इक्कू जवळजवळ शंभर वर्षांपूर्वीं, १८३१ त, निवर्तले होते.

इक्कू यांचा जन्म १७६५ त सुरुगा प्रांतांत, आजच्या शिझुओका येथें, एका सामुराई घराण्यांत झाला. ते कांहीं काळ ओसाका येथें चाकरींत होते. पण ती सोडून कळसूत्री बाहुल्यांच्या खेळांसाठीं लिहूं लागले. कमरेची तलवार व तिजबरोबरचा मान टाकून लेखणीवर पोट भरूं पाहणें हें त्या काळीं मोठें धाडस. आमच्या मतें त्यांच्या चरित्रांतील खरें शौर्य तेंच. पुढें एदो, म्हणजे आजच्या तोक्यो, शहरीं येऊन ते त्सुताया जूझाबुरो या प्रकाशकाच्या घरीं राहिले. तेथें छपाईच्या कागदास तुरटी-सरसाचा हात देण्यासारखीं कामें ते करीत, आणि पुस्तकें लिहून त्यांचीं चित्रेंही स्वतःच काढीत.

१८०२ त ‘हिझाकुरिगे’चा पहिला भाग निघाला. आपल्याच गुडघ्यांचा घोडा करून जाणें, म्हणजे पायीं प्रवास, असा त्या नांवाचा भाव आहे. एदोहून क्योतोस जाणारा तोकाइदो हा सुमारें ५०० किलोमीटरांचा हमरस्ता. त्यावर ५३ ठाणीं. याजी व किता इसे येथील देवस्थानास निघतात. पण भक्ति थोडी, खादाडी व फजितीच फार! ओदावारा येथील सराईंत चुलाणावरच्या लोखंडी बुडाच्या टाकींत स्नानाची सोय असते. तरंगती फळी पायांखालीं दाबून आंत उतरावयाचें, हें या शहाण्यांस ठाऊक नाहीं. पाय भाजूं नयेत म्हणून ते शौचकूपाजवळच्या खडावा घालून आंत शिरतात, आणि किता पाय आपटतां आपटतां बूडच फोडतो!

हे दोघे अनुकरणीय नव्हेत, हें पालकांस सांगणें नकोच. परंतु इक्कू लबाडाची गय करीत नाहींत. फुकट नदी ओलांडावी म्हणून किता एका आंधळ्याच्या पाठीवर बसतो, तो ऐन प्रवाहांत पाण्यांत पडतो.

वाचक इतके लुब्ध झाले कीं, हा प्रवास १८०९ पर्यंत आणि त्यापुढील प्रवास १८२२ पर्यंत निघत राहिले. केवळ लेखनावर निर्वाह करणाऱ्या पहिल्या जपानी ग्रंथकारांत इक्कू यांची गणना होते. स्वतः मात्र ते मद्याच्या आहारीं गेले, व उत्तरवयांत हातपायही चालेनासे झाले. त्यांस चितेवर ठेवतांच वस्त्रांत लपविलेले फटाके उडाले, अशी कथा प्रसिद्ध आहे. ती खरी नव्हे. कथेकऱ्यांनीं ती मागाहून त्यांच्या नांवावर घातली.