बडोद्याचे विजय हजारे

बडोद्यात विजय हजारे यांचे नाव निघाले की आपण मराठी मंडळी लगेच 577 चा आकडा सांगतो. 1946-47 च्या रणजी करंडकाचा अंतिम सामना, समोर सी. के. नायडूंचा बलाढ्य होळकर संघ. चौथ्या गड्यासाठी गुल महंमद यांनी 319 आणि हजारे यांनी 288 धावा करून ही भागीदारी रचली. बडोद्याने सामना एक डाव आणि 409 धावांनी जिंकला. इंदूरच्या आपल्या पाहुण्यांसमोर हा विषय जरा जपूनच काढावा लागतो!

आम्हाला मात्र हजारे अधिक मोठे वाटतात ते हरलेल्या सामन्यांत.

त्यांचा जन्म 11 मार्च 1915 रोजी सांगलीत, शिक्षकाच्या घरी झाला. 1939-40 मध्ये महाराष्ट्राकडून त्यांनी नाबाद 316 धावा केल्या, त्या बडोद्याविरुद्धच. पुढे ते आपल्याकडे आले आणि कायमचे बडोदेकर झाले.

1943 च्या पंचरंगी स्पर्धेत संघ धर्मावरून ठरत. हजारे ख्रिस्ती, म्हणून ते ‘रेस्ट’ संघातून खेळले. हिंदू संघाच्या 581 धावांपुढे रेस्टचा पहिला डाव 133 धावांत आटोपला. फॉलोऑननंतरच्या 387 धावांपैकी 309 एकट्या हजारे यांच्या. भाऊ विवेक यांच्यासोबत 300 धावांची भागी झाली, त्यात विवेक यांच्या 21! तरीही डावाने पराभव झालाच.

युद्धामुळे कसोटी सामने बंद होते. त्यांना पहिली कसोटी खेळायला मिळाली 1946 मध्ये, वयाच्या एकतिसाव्या वर्षी. उमेदीची वर्षे अशी गेली, याची हळहळ आम्हाला आजही वाटते. 1948 च्या जानेवारीत अ‍ॅडलेडला लिंडवॉल आणि मिलर यांच्या माऱ्यापुढे त्यांनी 116 आणि 145 धावा काढल्या. कसोटीच्या दोन्ही डावांत शतके करणारे ते पहिले भारतीय. त्याच सामन्यात ब्रॅडमन यांचा त्रिफळाही त्यांनीच उडवला, अर्थात ब्रॅडमन 201 धावा करून बसल्यावर.

मग कर्णधारपद आले. 1952 च्या फेब्रुवारीत मद्रासला इंग्लंडला हरवून भारताने पहिला कसोटी विजय मिळवला, तो त्यांच्याच नेतृत्वाखाली. पण त्यांनी नेतृत्व केलेल्या 14 कसोटींत विजय एवढा एकच. स्वभावाने अबोल असलेल्या या माणसावर ते ओझे नाहक पडले, असे आमचे मत आहे. त्याच वर्षी जूनमध्ये लीड्सला दुसऱ्या डावात भारताची अवस्था होती शून्यावर 4 बाद. बाद झालेल्यांत आपले दत्ताजी गायकवाडही होते. ट्रूमनचे चेंडू आग ओकत असताना कर्णधार खेळायला आले आणि 56 धावा करून गेले. फडकरांसह त्यांनी 105 धावांची भर घातली. सामना वाचला नाही.

1953 मध्ये वेस्ट इंडीजचा दौरा आटोपला आणि त्यांचे कसोटी खेळणेही संपले. 30 कसोटींत 2192 धावा, 7 शतके. 1960 मध्ये पद्मश्री मिळाली. 18 डिसेंबर 2004 रोजी बडोद्यातच त्यांनी डोळे मिटले. 577 चा विक्रम तेव्हाही त्यांच्या नावावर होता. तो 2006 मध्ये मोडला.