वाटीभर अंदाज

१९८९ साली माझी बदली साखऱ्याला झाली. हल्ली हे गाव हिंगोली जिल्ह्यातल्या सेनगाव तालुक्यात आहे. तेव्हा जिल्हा परभणी होता. संत नामदेवांची नर्सी त्याच भागात, त्यामुळे पत्ता सांगताना आधी नर्सीचं नाव घ्यायचं आणि मग साखऱ्याचं, अशी सवय लागली होती. आमच्या संसाराला दोन वर्षं झाली होती. सामान म्हणजे दोन ट्रंका, वळकटी, रॉकेलचा स्टोव्ह, कुकर आणि बायकोच्या माहेरच्या आहेरातलं एक जाडजूड पुस्तक. पुस्तकाचं नाव ‘रुचिरा’, लेखिका कमलाबाई ओगले.

मराठी घरात या नावाची ओळख करून द्यावी लागत नाही. पण गंमत अशी, की पुस्तक घरोघरी आणि बाई मात्र कुणाला फारशा ठाऊक नाहीत. लेखकांबद्दल आपण किती कुतूहल बाळगतो! कादंबरीकार कुठं जन्मला, काय शिकला, कुणाशी भांडला, सगळं आपल्याला हवं असतं. रोज संध्याकाळी जिच्या शब्दावर विसंबून आपण आमटीत मीठ घालतो, तिच्याबद्दल मात्र आपण कधी विचारत नाही. मीही कित्येक वर्षं विचारलं नव्हतं.

कमलाबाईंचा जन्म १९१३ सालचा, सांगलीकडच्या कुंडल गावातला. कुंडल तेव्हा औंध संस्थानात होतं. त्याला लागून असलेल्या ओसाड माळावर १९१० साली लक्ष्मणराव किर्लोस्करांनी कारखाना आणला आणि किर्लोस्करवाडी उभी राहिली. म्हणजे ही मुलगी जन्मली तेव्हा शेजारी लोखंडी नांगर तयार होत होते. ती सात वर्षांची असताना, १९२० साली, त्याच वाडीतून ‘किर्लोस्कर’ मासिक निघू लागलं आणि १९३० साली ‘स्त्री’. बायकांनी वाचावं, लिहावं, घराबाहेरचं जग बघावं, असं ही मासिकं सांगत होती. कमलाबाईंचं शिक्षण मात्र इयत्ता चौथीपर्यंतच झालं. त्या काळात मुलीला चौथीपर्यंत शिकवलं म्हणजे पुष्कळ झालं असंच मानत. पुढे लग्न होऊन त्या सांगलीच्या ओगल्यांकडे आल्या.

त्यांचं खरं शिक्षण सासरच्या स्वयंपाकघरात झालं, सासूबाईंच्या हाताखाली. हे वाक्य लिहायला सोपं आहे, त्यातलं आयुष्य सोपं नसतं. चूल फुंकायची, पाटा-वरवंटा ओढायचा, पंगतीची पंगत उठवायची आणि शिकायचं ते बघून बघून. कुणी माप सांगत नसे. मूठ, चिमूट, ओंजळ, बोटाचं पेर, सुपारीएवढं, लिंबाएवढं ही सगळी मापं शिकवणारीच्या हातावरची. ज्या हाताची मूठ, तिचं माप. सुनेचा हात लहान असला की तिची आमटी पातळ, आणि पातळ आमटीवरून तिच्या माहेरचा उद्धार! बायकांच्या पिढ्यान्‌पिढ्यांची उमेद या एका अंदाजापायी खचली असेल. पुरुषमंडळी बाहेर ताटावर बसलेली, त्यांना हे कुठून कळणार?

कमलाबाईंनी हा अंदाज वाटीत बसवला. माझ्या मते त्यांचं सगळं कर्तृत्व या एका गोष्टीत आहे.

मराठीत पाककृतींची पुस्तकं त्यांच्या आधीही होती. लक्ष्मीबाई धुरंधरांचं ‘गृहिणी-मित्र’ १९१० सालचं. पण घरात तराजू कुणाकडे असतो? त्यात १९५० नंतरच्या दशकात सरकारनं दशमान पद्धत आणली. १९५७ मध्ये नाणी बदलली. वजनं पुढच्या काही वर्षांत बदलत गेली आणि शेर-छटाक जाऊन किलो-ग्रॅम आले. आजी शेरात बोलायची, दुकानदार किलोत मोजायचा आणि मधल्या मध्ये नवी सून गोंधळायची. वाटी आणि चमचा मात्र प्रत्येकीच्या मांडणीवर होते. डाळीचं पीठ इतक्या वाट्या तर पाणी इतकं, हे प्रमाण एकदा सांगितलं की वाटी लहान की मोठी याला महत्त्व राहत नाही. सगळं एकाच वाटीनं मोजलं म्हणजे झालं. बँकेत आयुष्य काढलेल्या माणसाला याचं मोल लगेच कळतं. व्याजाचा दर ठरलेला असला की मुद्दल शंभर असो की लाख, हिशेब चुकत नाही.

‘रुचिरा’ आलं १९७० साली, किर्लोस्करांकडूनच. ज्या माळाशेजारी त्या जन्मल्या, तिथूनच निघून पुढे पुण्याला गेलेल्या त्या छापखान्यानं चौथी शिकलेल्या बाईचं पुस्तक काढलं. कमलाबाई तेव्हा सत्तावन्न वर्षांच्या होत्या. या वयात माणसं निवृत्तीचे अर्ज भरतात. पुस्तकाच्या लाखाच्या वर प्रती खपल्या, पुढे दुसरा भागही आला, आणि लाखावर सुनांची सासू असं कमलाबाईंना कौतुकानं म्हटलं गेलं. लाखभर प्रती म्हणजे काय, हे माझ्यासारख्या कादंबरीकाराला विचारा! आमची अकराशेंची आवृत्ती संपता संपत नाही.

त्या पुस्तकाला वेळही नेमकी सापडली, असं मला वाटतं. त्याच्या आदल्या वर्षी, १९ जुलै १९६९ ला, चौदा बँकांचं राष्ट्रीयीकरण झालं होतं. खेड्यापाड्यांत शाखा निघाल्या. कारकून, अधिकारी, त्यांच्या पाठोपाठ त्यांची बिऱ्हाडं गावोगाव गेली. शिक्षक, ग्रामसेवक, पाटबंधारे खात्याचे लोकही असेच पांगलेले. मुंबई-पुण्यात दोन खोल्यांच्या जागेत नवराबायकोच. एकत्र घर मोडत होतं, आणि त्याबरोबर सुनेच्या खांद्यामागं उभी राहून सांगणारी सासूही मागे गावी राहिली होती. सुटका झाली हे खरं, पण अनरशाचे तांदूळ किती दिवस भिजवायचे हे विचारायचं कुणाला? ट्रंककॉल लावून अनरसे विचारणारी सून अजून जन्माला आली नव्हती.

आमच्या घरी या पुस्तकाचं स्वागत काही चांगलं झालं नव्हतं. पुस्तकात बघून स्वयंपाक करायचा म्हणजे औषधाची चिठ्ठी वाचून जेवायचं, असं माझ्या आईचं मत. आईनं ते बोलून दाखवलं, बायकोनं ऐकून घेतलं आणि पुस्तक ट्रंकेच्या तळाशी गेलं. ते वर आलं साखऱ्यात.

मुलीचा पहिला वाढदिवस होता. गावात नव्यानं आलेल्या बँकवाल्यानं बोलवायचं म्हणजे शाळेचे गुरुजी, डॉक्टर, दुकानदार, शाखेतली मंडळी, आजूबाजूची पोरंटोरं, मिळून पन्नासेक माणसं झाली. जेवण नको, चहा आणि काहीतरी खायला, असं ठरलं. पण काय? ब्रेड, चीज, टोमॅटो सॉस या वस्तू तिथं नव्हत्या. पाहुण्यांसमोर स्टोव्हशी झटत भजी तळत बसणं जमणारं नव्हतं. आठवडी बाजारात मात्र कोथिंबिरीचे ढीग लागायचे. वाशिम-रिसोडकडून आलेले बाजारकरी तिला सांबार म्हणायचे. बायकोनं पुस्तक काढलं. कोथिंबीरवडी ठरली.

तिनं आधी एकदा करून पाहिली होती, ती फसली होती. उकडलेला उंडा गरम असतानाच कापायला घेतला आणि सगळा भुगा झाला. तो भुगा आम्ही फोडणी घालून खाल्ला, वाईट नव्हता. या खेपेला तिनं सगळं आदल्या रात्री उरकायचं ठरवलं. तिची रीत सांगतो. कोथिंबीर धुऊन, पंच्यावर पसरून पार कोरडी करायची आणि बारीक चिरायची. दोन वाट्या चिरलेल्या कोथिंबिरीला एक वाटी डाळीचं पीठ, दोन चमचे तांदळाचं पीठ, चमचाभर तीळ, हळद, तिखट, हातावर चोळलेला ओवा, मीठ आणि दोन चमचे कडकडीत तेलाचं मोहन. मीठ लावलं की कोथिंबिरीला पाणी सुटतं, म्हणून वरचं पाणी शिंतोड्यानंच घालायचं. इथंच बहुतेकींचं चुकतं, पीठ सैल होतं. लांबट उंडे करून, तेल लावलेल्या डब्यात ठेवून, कुकरची शिट्टी काढून वीसेक मिनिटं वाफवायचे. मग हात लावायचा नाही. निवले की सकाळी सुरीनं वड्या पाडायच्या आणि ऐन वेळी तव्यावर थोड्या तेलात दोन्ही बाजूंनी खरपूस करायच्या. पाहुणे आल्यावर काम उरतं ते एवढंच.

पन्नास माणसांना वाटी पुरणार नव्हती. शेजारच्या घरून तिनं धान्य मोजायचं मापटं मागून आणलं. दोन मापटी कोथिंबीर, एक मापटं पीठ. कमलाबाईंची वाटी अशी साखऱ्यात मापटं झाली, आणि प्रमाण जागचं हललं नाही. तिखट मात्र तिनं त्या हिशेबानं वाढवलं नाही, हातचं राखून घातलं. ही अक्कल पुस्तकात नसते, हेही खरं.

या पुस्तकाची मूळ चव सांगली-पुण्याकडची, हे मान्य करायला हवं. मराठवाड्यातल्या शेजारणीनं शिकवलेली येसराची आमटी बायकोनं शेवटच्या कोऱ्या पानावर पेन्सिलीनं उतरवून घेतली. महाराष्ट्रातल्या किती घरांत ‘रुचिरा’ची कोरी पानं अशी भरली असतील! बाईंनी सुनांना मापात लिहायची सवय लावली, तिचाच हा परिणाम.

वाढदिवसासाठी आई गावाहून आली होती. आदल्या रात्री ती स्वयंपाकघराच्या उंबऱ्यावर बसून सगळं बघत होती. पुस्तक स्टोव्हशेजारी उघडं. ती काही बोलली नाही. पहिला उंडा निवल्यावर तिनं कडेचा तुकडा मोडून तोंडात टाकला, आणि पुढच्या घाण्याला सुपारीएवढा गूळ चिंचेच्या कोळात विरघळवून घालायला सांगितलं. बायकोनं घातला. मग पेन्सिल घेऊन तिनं वडीच्या पानाच्या समासात ते लिहूनही ठेवलं. आपलं सांगणं कागदावर उतरताना आईनं पाहिलं. उमटलेली अक्षरं नीट दिसेनात म्हणून कंदील जवळ ओढून घेतला, आणि वाचून झाल्यावर कंदील पुन्हा जागेवर ठेवला. पुस्तकाविषयी त्यानंतर ती कधी वाकडं बोलली नाही.

आई १९९६ साली गेली. कमलाबाई १९९९ साली गेल्या, त्याच वर्षी हिंगोली वेगळा जिल्हा झाला आणि साखऱ्याचा पत्ता बदलला. पुस्तक पुढे मेहतांकडून निघत राहिलं. आमची जुनी प्रत मुलीनं तिच्या लग्नानंतर नेली. पाठ सुटलेली, पानांना तेलाचे डाग, हळदीचे अंगठे. तिच्याकडे वजनकाटा आहे, अंक दाखवणारा. मध्यंतरी तिच्या घरी पार्टी होती तेव्हा तिचा फोन आला. समासात आजीचा सुपारीएवढा गूळ लिहिलाय, तर सुपारी म्हणजे किती ग्रॅम, असं ती विचारत होती. तिनं आख्खी सुपारी कधी हातात धरलेली नाही.

बायको फोन कानाला लावून थोडा वेळ गप्प राहिली. मग तिनं डाव्या हाताचा अंगठा आणि तर्जनी जुळवून हवेतच माप धरून पाहिलं, आणि एक चमचा सपाट, असं सांगितलं.