लोबेन्गुला : राजा आणि कागद

न्देबेले राजा लोबेन्गुला याच्याविषयी समकालीनांनी जे लिहून ठेवले, त्यातील बहुतेक मजकूर त्याच्या दारी काही ना काही मागण्यासाठी आलेल्या माणसांचा आहे. मिशनरी, शिकारी, व्यापारी, खाणींचे दलाल या सर्वांनी त्याच्या स्थूल देहाची आणि लहरी स्वभावाची वर्णने केली. त्यांतून, मूठभर बंदुकांसाठी राज्य विकणारा एक भोळा सरदार अशी त्याची प्रतिमा रूढ झाली. त्याच्या आयुष्यातील घटना क्रमाने पाहिल्यास ती टिकत नाही.

राज्य उभारले ते त्याच्या पित्याने, म्झिलिकाझीने. खुमालो कुळातील हा सेनानी १८२०च्या दशकात झुलू राजा शाका याच्यापासून फुटून निघाला, ट्रान्सवालमध्ये काही काळ स्थिरावला आणि १८३७ मध्ये बोअर वसाहतकऱ्यांकडून पराभूत झाल्यावर लिम्पोपो नदी ओलांडून आजच्या नैर्ऋत्य झिम्बाब्वेत आला. १८६८ मध्ये तो वारला, तेव्हा थोरला वारस एन्कुलुमाने बेपत्ता होता. पूर्वीच पित्याच्या आज्ञेने त्याचा वध झाला असावा असे अनेकजण मानीत, परंतु सर्वांचा त्यावर विश्वास नव्हता. लोबेन्गुलाची आई स्वाझी वंशाची, दर्जाने कनिष्ठ. १८७० मध्ये त्याला गादीवर बसविण्यात आले, तेव्हा झ्वान्गेन्दाबा या पलटणीने त्याला राजा मानण्याचे नाकारले आणि स्वकीयांशीच लढून त्याला राज्य मिळवावे लागले. गादीवरील हक्काविषयीची ती शंका पुढेही त्याची पाठ सोडीत नाही.

सोन्याच्या वार्तेने गोरे लोक येऊ लागले होतेच. १८८६ मध्ये विटवाटर्सरँडच्या खाणी सापडल्यावर त्यांची रीघ लागली. लोबेन्गुलाची नीती चालढकलीची होती. कोणाला साफ नकार द्यायचा नाही, कोणाला पुरते काही द्यायचे नाही, आणि एका गोऱ्याला दुसऱ्याविरुद्ध झुलवीत ठेवायचे. झुलू राज्याचा १८७९ मधील शेवट त्याला ठाऊक होता. युद्ध टाळणे हाच त्याचा हेतू होता.

३० ऑक्टोबर १८८८ रोजी सेसिल ऱ्होड्सचे प्रतिनिधी रड, मॅग्वायर आणि थॉम्पसन यांच्या कागदावर त्याने निशाणी केली. मोबदला असा : दरमहा १०० पौंड, १,००० मार्टिनी-हेन्री बंदुका, १,००,००० काडतुसे आणि झांबेझी नदीवर एक वाफेची नौका. त्याबदल्यात राज्यातील सर्व खनिजांचा एकाधिकार, तसेच ती मिळविण्यासाठी आवश्यक वाटेल ते सर्व करण्याचा अधिकार. दुभाषा होता मिशनरी हेल्म. दहाहून अधिक गोरे खणावयास येणार नाहीत व ते राजाच्या कायद्याने वागतील, असे आश्वासन तोंडी देण्यात आल्याचे खुद्द हेल्मनेच पुढे पत्रात नमूद केले. कागदात ते नव्हते. जेथे मानकऱ्यांच्या सभेत उच्चारलेला शब्द हाच करार, तेथे हा फरक साधा नव्हे.

कागदातील आशय कळताच राजाने जे केले ते भोळ्या माणसाचे वर्तन नव्हे. बाबायाने व म्शेते या दोन मानकऱ्यांना त्याने लंडनला धाडले. १८८९ च्या प्रारंभी ते राणी व्हिक्टोरियाला भेटले. एप्रिलमध्ये पत्र पाठवून त्याने तो कागद अमान्य केला. आलेल्या बंदुकाही त्याने दीर्घकाळ स्वीकारल्या नाहीत. मात्र याच वर्षी, कराराच्या बाजूने सल्ला देणाऱ्या लोत्शे या वृद्ध मानकऱ्याला त्याने कुटुंबासह मारविले. प्रजेचा रोष दुसऱ्याच्या माथी मारण्याचा हा प्रकार होता. त्याच्या चरित्रकाराने तो झाकू नये.

२९ ऑक्टोबर १८८९ रोजी ऱ्होड्सच्या ब्रिटिश साउथ आफ्रिका कंपनीला राजसनद मिळाली. कंपनी आणि सनद हे शब्द भारतीय वाचकाला समजावून सांगण्याची गरज नाही. १८९० मध्ये कंपनीचे दल न्देबेले मुलुखाला वळसा घालून माशोनालँडमध्ये उतरले. माशोनालँडमध्ये अपेक्षित सोने निघाले नाही, तेव्हा दृष्टी पश्चिमेकडे वळली. जुलै १८९३ मध्ये फोर्ट व्हिक्टोरियानजीक न्देबेले पलटणींनी शोना वस्त्यांवर केलेला हल्ला निमित्त ठरला. युद्धात येणाऱ्या प्रत्येक स्वयंसेवकाला सुमारे ६,००० एकर जमीन, २० खाणपट्टे आणि लुटीतील वाटा देण्याचे ऑगस्टमध्येच ठरले होते. राजा मात्र अजून दूत पाठवीतच होता. २५ ऑक्टोबरला शांगानीकाठी आणि १ नोव्हेंबरला बेम्बेसी येथे मॅक्सिम तोफांनी पलटणी कापून काढल्या. राजधानीला आग लावून लोबेन्गुला उत्तरेकडे निघून गेला. पाठलागावर असलेल्या सैन्याकडे त्याने तहाच्या निरोपासह सोन्याची नाणी पाठविली. दोन शिपायांनी ती परस्पर लाटली आणि निरोप पोहोचलाच नाही. १८९४ च्या प्रारंभी, रानात, तो मरण पावला. देवीने, असे सामान्यतः सांगितले जाते.

जमीन आणि गुरे गेलेल्या, त्यातच गुरांच्या बुळकांडी रोगाने नागवलेल्या न्देबेलेंनी मार्च १८९६ मध्ये पुन्हा शस्त्र उचलले. ऱ्होड्सने मातोपोच्या टेकड्यांत जाऊन तडजोड केली. राजाचा वाडा होता त्याच जागी त्याने स्वतःचे घर बांधविले आणि राजाच्या मुलांना शिक्षणासाठी केपकडे नेले.

त्याच्या राज्यातील लोकांच्या वंशजांनी लोबेन्गुलाची कथा आपल्या हाती घेतली ती विसाव्या शतकात. स्टॅनलेक साम्कांगे यांच्या १९६६ मधील इंग्रजी कादंबरीत मृत्यूनंतर ऱ्होड्सवर त्याच्या पाद्री पित्यापुढे खटला चालतो, आणि लोबेन्गुलालाही म्झिलिकाझीसमोर उभे राहून राज्य कसे गेले याचा जाब द्यावा लागतो.