सोलापूरचा डॉक्टर, चीनची रणभूमी

६ डिसेंबरला चैत्यभूमीवर बाबासाहेबांना अभिवादन करून आम्ही परततो. त्यानंतर तीनच दिवसांनी डॉ. द्वारकानाथ कोटणीस यांचा स्मृतिदिन येतो. चळवळीच्या कार्यकर्त्यांनी हे आयुष्य अभ्यासावे, असे आम्हांस वाटते.

१९१० साली सोलापुरात जन्मलेले कोटणीस मुंबईत शिकून डॉक्टर झाले. जपानने चीनवर आक्रमण केले तेव्हा, १९३८ साली, काँग्रेसने पाच डॉक्टरांचे वैद्यकीय पथक चीनला पाठविले. त्यात ते होते. परमुलखात मदतीला जाणे सोपे नसते. भाषा येत नाही, अन्न व हवामान मानवत नाही, औषधांचा तुटवडा आणि वर बॉम्बहल्ले. त्यातच घरून वडिलांच्या निधनाची बातमी आली. पथकातील तिघे काही काळाने मायदेशी परतले. कोटणीस मागे राहिले. ते चिनी भाषा शिकले, सैनिकांबरोबर राहिले आणि गावकऱ्यांवरही उपचार केले. जानेवारी १९४१ मध्ये बेथ्यून आंतरराष्ट्रीय शांतता रुग्णालयाची धुरा त्यांच्याकडे आली. तिथल्याच क्वो छिंगलान या परिचारिकेशी त्यांनी विवाह केला. मुलगा काही महिन्यांचाच असताना, ९ डिसेंबर १९४२ रोजी, अपस्माराच्या झटक्यांनी त्यांचा अंत झाला. वय अवघे ३२.

याच काळातील आपला देश कसा होता? बाबासाहेबांनी आपल्या आठवणींत काठेवाडातील एका अस्पृश्य शिक्षकाची १९२९ सालची हकिकत दिली आहे. त्याच्या आजारी बाळंतीण पत्नीला डॉक्टराने वस्तीत येऊन तपासले नाही. तिला वस्तीबाहेर आणविले, थर्मामीटरही दुसऱ्याच्या हाती दिले. ती माउली दगावली. डॉक्टर त्याच मुलखातला, तरी हातभर अंतर त्याला ओलांडता आले नाही. कोटणिसांनी मात्र समुद्र ओलांडून परक्यांच्या जखमा आपल्या हातांनी बांधल्या.

तथागतांनी आजाऱ्याची शुश्रूषा स्वतः केली होती. आमचे तरुणही आज पूरग्रस्तांसाठी धान्य घेऊन जातात, काही परदेशी संस्थांतून काम करतात. त्यांना आमचे सांगणे एवढेच: दाता म्हणून उंचावर उभे राहू नका. आधी त्या माणसांची भाषा शिका, त्यांच्या पंगतीला बसा. समता नसेल, तर त्या मदतीला आम्ही भीकच म्हणू.