ध्वनिलेखक विष्णुपंत दामले

विष्णुपंत गोविंद दामले यांचा जन्म १८९२ साली पेण येथे झाला. तरुण वयात ते कोल्हापुरास आनंदराव व बाबूराव पेंटर यांच्या हाताखाली नाटकांचे पडदे रंगविण्याच्या कामास लागले. १९१६ साली आनंदराव वारले. त्यांचा अपुरा राहिलेला स्वदेशी कॅमेरा बाबूरावांनी पूर्ण केला, तो दामल्यांच्या साह्याने. महाराष्ट्र फिल्म कंपनीत छायालेखनापासून रसायनशाळेपर्यंत सारे काम त्यांनी हाताने शिकून घेतले. कलादिग्दर्शक शेख फत्तेलाल यांच्याशी त्यांचा स्नेह येथलाच. पुढे 'दामलेमामा' आणि 'साहेबमामा' ही नावे जोडीनेच घेतली जाऊ लागली.

१ जून १९२९ रोजी शांताराम, धायबर, फत्तेलाल, सीतारामपंत कुलकर्णी आणि दामले यांनी कोल्हापुरात 'प्रभात'ची स्थापना केली. सहा मूकपट निघाले, तोच १९३१ च्या मार्चमध्ये 'आलम आरा' बोलू लागला. मूकपटात तरबेज झालेल्या या मंडळींपुढे प्रश्न सरळ होता : बोलायला शिकावयाचे, की दुकान बंद करावयाचे? ध्वनिलेखनाची जबाबदारी दामल्यांनी उचलली.

हे काम केवळ यंत्राचे नव्हते. आवाजाची विद्युतस्पंदने प्रकाशात उतरवून ती फिल्मवर छापावी लागत. फिल्म धुण्यात थोडा कमीजास्तपणा झाला, तरी स्वर घोगरा होई. अंधाऱ्या खोलीत काढलेली वर्षे दामल्यांच्या येथे कामी आली असणार. दुसरी अडचण जोडणीची. पडद्यावर ओठ हलतो ती चौकट आणि त्याच क्षणाचा आवाज या दोहोंत तयार प्रतीवर सुमारे वीस चौकटींचे अंतर असते. त्यामुळे तयार प्रत मूकपटाप्रमाणे हवी तेथे कापली, तर पात्राचे वाक्यच तुटे. चित्र व ध्वनी वेगळे जुळवून मगच एकत्र छापावे लागत.

'अयोध्येचा राजा' १९३२ च्या फेब्रुवारीत प्रदर्शित झाला. पार्श्वगायनाची सोय अजून झालेली नव्हती. गोविंदराव टेंबे व दुर्गाबाई खोटे यांना कॅमेऱ्यासमोरच गावे लागे, साथीदार चौकटीबाहेर दडून बसत. मराठी आणि हिंदी अशा दोन्ही आवृत्त्यांसाठी तीच मेहनत दोनदा. दामल्यांचे हे श्रम पडद्यावर दिसणारे नव्हते. चांगला ध्वनिलेख कोणाच्या लक्षात येत नाही, बिघडलेला मात्र सगळ्यांच्या येतो!

'प्रभात' १९३३ मध्ये पुण्यास आली. १९३६ च्या 'संत तुकाराम'चे दिग्दर्शन दामले–फत्तेलालांचे. या चित्रपटातील तुकाराम आणि सालोमालो यांतील फरक प्रथम कानालाच कळतो. विष्णुपंत पागनीसांचे साधे भजन आधी ऐकू येते, आणि तोच अभंग सालोमालो नाटकी ताना घेऊन गातो तेव्हा त्याचा दंभ उघडा पडतो. हे ध्वनिलेखकाचे कान असलेल्या दिग्दर्शकालाच सुचावे. मुंबईत हा चित्रपट वर्षाहून अधिक काळ चालला, व १९३७ साली व्हेनिसच्या महोत्सवात त्याचा गौरव झाला.

त्यानंतर 'गोपालकृष्ण' आणि 'संत ज्ञानेश्वर' हे चित्रपट या जोडीने दिले. १९४२ मध्ये शांताराम 'प्रभात'मधून बाहेर पडले, आणि ५ जुलै १९४५ रोजी दामल्यांचे निधन झाले. साहेबमामा १९६४ पर्यंत होते. ज्या जागेत दोघांनी काम केले तेथे १९६० साली शासनाची चित्रपट शिक्षणसंस्था सुरू झाली. ध्वनिलेखन आणि संकलन हे तेथील स्वतंत्र अभ्यासक्रम आहेत.