सवंगड्यांचा प्रशिक्षक : टो ब्लेक

काल ज्यांच्या खांद्याला खांदा लावून काम केले, त्यांच्यावरच उद्या अधिकार चालवण्याची वेळ आली तर माणसाने कसे वागावे? हा प्रश्न मुख्याध्यापक झालेल्या शिक्षकाला पडतो, मुकादम झालेल्या कामगाराला पडतो, आणि वडिलांच्या मागे घराचा कारभार हाती आलेल्या थोरल्या भावालाही पडतो. मैत्री जपावी तर शिस्त सुटते आणि शिस्त राखावी तर माणसे दुरावतात. कॅनडातील एका खेळाडूने आपल्या आयुष्यातून या प्रश्नाचे जे उत्तर दिले, ते आज आम्ही आपणासमोर ठेवत आहोत. या खेळाडूचे नाव हेक्टर ब्लेक. जगाने मात्र त्यांना टो ब्लेक म्हणूनच ओळखले. धाकट्या बहिणीला लहानपणी हेक्टर म्हणता येत नसे, ती 'हेक-टो' म्हणायची. त्यातले 'टो' जन्मभर चिकटले.

आपल्याकडे हॉकी म्हटले की मैदान आणि ध्यानचंद डोळ्यांसमोर येतात. कॅनडात हॉकी म्हणजे बर्फावरची हॉकी. पायांत धारदार पात्यांचे स्केट्स, हातात लांब काठी, आणि चेंडूऐवजी कडक रबराची चकती. गोलरक्षक धरून एका बाजूला सहा खेळाडू. वीस-वीस मिनिटांचे तीन डाव. खेळ इतका वेगवान की एक फळी मिनिटभर जीव तोडून खेळते आणि लगेच दुसरी तिची जागा घेते. धक्काबुक्की हा खेळाचाच भाग. ती मर्यादेबाहेर गेली तर पंच खेळाडूला दोन, पाच किंवा दहा मिनिटांसाठी बाहेर बसवतात. अशा खेळात राग येणे सोपे आणि आवरणे फार कठीण. ब्लेक यांची सारी कथा याच रागाभोवती फिरते.

त्यांचा जन्म 21 ऑगस्ट 1912 रोजी ऑन्टारियो प्रांतातील व्हिक्टोरिया माइन्स या खाणवस्तीत झाला. सडबरी शहराच्या आसपासचा हा भाग निकेलच्या खाणींसाठी प्रसिद्ध आहे. आई फ्रेंच वंशाची असल्यामुळे घरात इंग्रजीबरोबर फ्रेंचही कानांवर पडत होती. पुढे या दोन भाषाच त्यांच्या कामी आल्या. 1932 साली त्यांच्या सडबरीच्या संघाने तरुणांच्या गटातील मानाचा मेमोरियल चषक जिंकला. 1934-35 च्या हंगामात माँट्रियल मरून्स या व्यावसायिक संघाने त्यांना घेतले. त्या वर्षी मरून्सनी स्टॅन्ले चषक जिंकला खरा, पण ब्लेक यांना खेळण्याची संधी फारशी मिळाली नाही. 1936 मध्ये ते त्याच शहरातील दुसऱ्या संघात, म्हणजे माँट्रियल कॅनेडियन्समध्ये आले आणि तेथेच रुजले.

1938-39 च्या हंगामात 48 सामन्यांत 47 गुण मिळवून ते सर्व खेळाडूंमध्ये पहिले आले. सर्वोत्तम खेळाडूचा हार्ट करंडकही त्यांना मिळाला. गोल झाला की जाळ्यामागचा लाल दिवा लागतो, म्हणून लोक त्यांना 'दिवे लावणारा' म्हणू लागले. आपल्याकडे 'दिवे लावले' याचा अर्थ निराळा होतो. तेथे मात्र तो गौरव होता. 1940 पासून ते संघाचे कर्णधार झाले.

1943 मध्ये प्रशिक्षक डिक अर्विन यांनी एक फळी उभी केली. डावीकडे ब्लेक, मध्ये एल्मर लाक आणि उजवीकडे मोरीस रिशार. हे तिघे एकत्र आले आणि संघाचे दिवस पालटले. 13 एप्रिल 1944 रोजी शिकागोविरुद्धच्या अंतिम सामन्यात कॅनेडियन्स 4-1 असे मागे पडले होते. त्यांनी बरोबरी साधली आणि अतिरिक्त वेळेत ब्लेक यांनी गोल करून चषक मिळवून दिला. पुढच्या हंगामात गुणांच्या यादीत पहिली तिन्ही नावे याच फळीची होती. रिशारने तर 50 सामन्यांत 50 गोल केले. 1946 मध्ये संघाने पुन्हा चषक जिंकला.

तरुणपणी ब्लेक पंचांशी हुज्जत घालण्याबद्दल कुप्रसिद्ध होते. परंतु 1945-46 च्या 50 सामन्यांच्या हंगामात त्यांना फक्त दोन मिनिटांची एकच शिक्षा झाली आणि सभ्य खेळाचा लेडी बिंग करंडक त्यांना मिळाला. ज्याला राग येत नाही त्याच्या शांतपणाचे फारसे कौतुक नाही. ज्याला तो येतो आणि जो तो आवरायला शिकतो, त्याच्याकडून मात्र इतरांना काही शिकता येते.

जानेवारी 1948 मध्ये न्यूयॉर्क रेंजर्सविरुद्धच्या सामन्यात एका धडकेत त्यांचा घोटा दोन ठिकाणी मोडला. वय 35. खेळाडू म्हणून त्यांचा प्रवास तेथेच थांबला. 577 सामने, 235 गोल आणि तीन स्टॅन्ले चषक त्यांच्या नावावर होते. कर्णधाराला थेट मोठ्या संघाची सूत्रे मिळाली नाहीत. ते ह्यूस्टनला गेले, बफेलोला गेले, आणि मग क्वेबेक प्रांतातील व्हॅलीफील्ड या छोट्या गावाच्या संघाला त्यांनी शिकवले. ज्यांची नावे कोणी ऐकली नाहीत अशा खेळाडूंना घडवण्यात त्यांची सात वर्षे गेली. सेवेतील अशी आडबाजूची वर्षे वाया गेली असे आपण म्हणतो. आम्हाला वाटते, माणूस तयार होतो तो बहुधा अशाच वर्षांत.

इकडे माँट्रियलमध्ये रिशार हा लोकांचा दैवत झाला होता. त्या काळी क्वेबेकमधील बहुसंख्य लोक फ्रेंच भाषिक आणि कॅथलिक होते. शनिवारी रात्री हॉकीचा सामना आणि रविवारी सकाळी मिस्सा हा कितीतरी घरांचा क्रम होता. मात्र कारखाने आणि पेढ्या प्रामुख्याने इंग्रजी भाषिकांच्या हाती होत्या. रिशार गोल करी तेव्हा त्या कामगारांना आपणच जिंकल्यासारखे वाटे. परंतु रिशारचा राग आगीसारखा होता, आणि प्रतिस्पर्धी त्याला मुद्दाम डिवचत. 13 मार्च 1955 रोजी बॉस्टनमध्ये झालेल्या मारामारीत त्याने एका पंचालाच ठोसा लगावला. नॅशनल हॉकी लीगचे अध्यक्ष क्लॅरन्स कॅम्पबेल यांनी उरलेल्या हंगामासाठी व त्यानंतरच्या चषकाच्या सामन्यांसाठीही त्याच्यावर बंदी घातली. 17 मार्चला, संत पॅट्रिकच्या सणाच्या रात्री, कॅम्पबेल स्वतः माँट्रियलच्या क्रीडागृहात सामना पाहायला आले आणि लोकांचा संताप अनावर झाला. अश्रुधूर फुटला, सामना थांबला आणि सेंट कॅथरिन रस्त्यावर दुकाने फोडली गेली. दुसऱ्या दिवशी रिशारला स्वतः रेडिओवरून शांततेचे आवाहन करावे लागले.

प्रशिक्षक अर्विन खेळाडूंना चेतवत, आणि रिशारच्या रागाला त्यांनी खतपाणी घातले असे व्यवस्थापक फ्रँक सेल्की यांचे मत झाले. अर्विन शिकागोला गेले. आता असा माणूस हवा होता, ज्याला फ्रेंच बोलता येते, ज्याचे रिशार ऐकतो आणि ज्याला राग म्हणजे काय ते आतून ठाऊक आहे. 1955 च्या उन्हाळ्यात सेल्की यांनी ब्लेक यांना बोलावले.

त्यांच्यापुढचा पेच पाहा. रिशार हा त्यांचा फळीतला जोडीदार. एमिल बुशार हा त्यांच्याच नंतर कर्णधार झालेला सहकारी. या मित्रांना आता बाकावर बसवायचे, चुका दाखवायच्या आणि नको ते सांगायचे. ब्लेक यांनी ठरवलेली रीत साधी होती. खेळाडूची चूक त्याला बंद दाराआड सांगायची, आणि तीही स्पष्ट. बाहेर वृत्तपत्रांसमोर मात्र कोणाचाही पाणउतारा करायचा नाही. बड्या खेळाडूला एक न्याय आणि नव्याला दुसरा, असेही करायचे नाही. रिशार पूर्वीसारखाच आवेशाने खेळला, पण 1954-55 मधील त्याची 125 शिक्षेची मिनिटे पुढच्या हंगामात 89 वर आणि त्याच्या पुढच्या हंगामात 74 वर आली. 1956 मध्ये बुशार निवृत्त झाल्यावर रिशारच कर्णधार झाला. ज्याच्यामुळे शहर पेटले होते, त्याच्या हाती संघ सोपवण्याइतका विश्वास निर्माण झाला होता.

ॲरिस्टॉटलने नीतिशास्त्रात मांडले आहे की रागावणे कोणालाही जमते. योग्य माणसावर, योग्य वेळी आणि योग्य मापात रागावणे कठीण. ब्लेक यांनी रिशारचा राग मारून टाकला नाही, त्याला दिशा दिली. आईवडिलांना आणि शिक्षकांना यातला फरक लगेच कळेल.

पुढे जे घडले ते अजून कोणत्याही संघाला जमलेले नाही. 1956 ते 1960 अशी सलग पाच वर्षे कॅनेडियन्सनी स्टॅन्ले चषक जिंकला. जाँ बेलिव्हो, डग हार्वी, डिकी मूर, रिशारचा धाकटा भाऊ आन्री आणि गोलरक्षक जाक प्लांत असे हिरे त्या संघात होते. एका खेळाडूला दोन मिनिटे बाहेर बसवले की तेवढ्यात हा संघ दोन-तीन गोल करी. म्हणून 1956 मध्ये लीगला नियमच बदलावा लागला, आणि गोल झाला की शिक्षा संपून खेळाडू परत येऊ लागला.

मात्र अधिकाऱ्याचे प्रत्येक मत बरोबर नसते. प्लांतला चेहऱ्यावर मुखवटा घालून खेळायचे होते. चकती थेट तोंडावर येई आणि गोलरक्षक उघड्या चेहऱ्याने उभे राहत. ब्लेक यांनी सरावात परवानगी दिली होती, पण सामन्यात नाही. मुखवट्याने नजर अडते आणि गोलरक्षक गाफील होतो, असे त्यांना वाटे. 1 नोव्हेंबर 1959 रोजी न्यूयॉर्कमध्ये अँडी बॅथगेटचा फटका प्लांतच्या तोंडावर बसला. टाके घालून झाल्यावर प्लांतने मुखवट्याशिवाय बर्फावर उतरायला साफ नकार दिला. त्या काळी संघाकडे दुसरा गोलरक्षक नसे. ब्लेक नमले. तो सामना संघाने 3-1 असा जिंकला, आणि 1960 चा चषक प्लांतने मुखवटा घालूनच, अंतिम टप्प्यातील आठही सामने जिंकून आणला. पुढे हळूहळू साऱ्या गोलरक्षकांनी मुखवटा घेतला. ब्लेक प्रथम नमले ते नाइलाजाने, हे खरे. पण डोळ्यांसमोर परिणाम दिसल्यावर त्यांनी आपला हट्ट संघापेक्षा मोठा केला नाही.

आणि त्यांचा स्वतःचा राग? तो मेला नव्हता. 26 मार्च 1961 रोजी शिकागोत सामना तिसऱ्या अतिरिक्त डावात गेला आणि कॅनेडियन्स 2-1 असे हरले. ब्लेक तावातावाने बर्फावर धावले आणि त्यांनी पंच डाल्टन मॅकआर्थर यांना ठोसा मारला. त्यांना 2,000 डॉलर दंड झाला. ज्या कृत्याबद्दल सहा वर्षांपूर्वी रिशारवर बंदी आली होती, तेच त्याच्या प्रशिक्षकाच्या हातून घडले. त्या वर्षी संघ उपांत्य फेरीतच बाद झाला. ही गोष्ट आम्ही झाकून ठेवत नाही. चरित्रातली डाग नसलेली माणसे आपल्या फारशी उपयोगी पडत नाहीत. लगाम एकदा हाती आला म्हणजे कायमचा आला असे नसते; तो रोज नव्याने धरावा लागतो.

ब्लेक यांनी पुन्हा संघ बांधला. रिशार 1960 मध्येच निवृत्त झाला होता. प्लांत आणि हार्वीही गेले. नव्या मुलांना घेऊन त्यांनी 1965, 1966 आणि 1968 मध्ये चषक जिंकला. प्रशिक्षक म्हणून त्यांचे आठ चषक झाले आणि हंगामातील नियमित सामन्यांत बरोबर 500 विजय. 1968 चा शेवटचा सामना जिंकताच, वयाच्या 55 व्या वर्षी, ते बाजूला झाले. प्रत्येक सामन्याचा ताण त्यांना पोखरू लागला होता. यशाच्या शिखरावरून स्वतःहून उतरायलाही धैर्य लागते.

त्या अंतिम फेरीत समोरच्या सेंट लुइस संघाचे प्रशिक्षक होते तरुण स्कॉटी बोमन. दुखापतीमुळे त्यांचेही खेळणे लवकर थांबले होते. ते कॅनेडियन्सच्या छायेतच वाढले आणि ब्लेक यांच्याकडून शिकले. पुढे 2002 मध्ये त्यांनी नववा चषक जिंकून ब्लेक यांचा विक्रम मोडला. आपला विक्रम आपल्याच हाताखाली शिकलेल्याने मोडावा, यापरते गुरूला काय हवे?

अखेरच्या वर्षांत ब्लेक यांना अल्झायमरने गाठले. ज्यांनी शेकडो सामने घडवले, त्यांच्या मनातून ते सामने एकेक करून पुसले गेले. 17 मे 1995 रोजी, 82 व्या वर्षी, माँट्रियलमध्ये त्यांचे निधन झाले. आपल्या धर्मग्रामातही अशी वडीलधारी माणसे आहेत, ज्यांना आता आपली नातवंडे ओळखू येत नाहीत. त्यांना काय आठवते यावर त्यांचे मोल ठरत नाही. त्यांनी जे घडवले ते आपल्यात जिवंत आहे, आणि त्यांच्या वतीने ते आठवणे हे आता आपले काम आहे. या आठवड्यात त्यांच्यापैकी एकाच्या घरी जाऊन, त्यांच्या शेजारी थोडा वेळ बसता आले तर अवश्य बसावे.