बालकांचे कैवारी जोतीराव फुले

पुण्यात राहून ज्याने मंडई पाहिली नाही असा मनुष्य विरळाच. शुक्रवार पेठेतील त्या इमारतीत भाजीच्या पाट्यांमधून वाट काढीत आपण जातो. परंतु ज्या थोर पुरुषाचे नाव तिला दिले आहे, त्याने बालकांसाठी काय केले याचा विचार क्वचितच मनात येतो. म्हणून महात्मा जोतीराव फुले यांचे चरित्र आम्ही आमच्या विद्यार्थ्यांपुढे व त्यांच्या आईबापांपुढे ठेवीत आहोत.

जोतीरावांचा जन्म १८२७ साली माळी कुळात झाला. ते वर्षाचे होण्यापूर्वीच आई चिमणाबाई निवर्तल्या. मुलगा शाळेत जाऊ लागला. पण विद्येने तो शेतीस निरुपयोगी होईल असे लोकांनी भरविल्यावरून वडील गोविंदरावांनी त्यास शाळेतून काढिले. पुढे गफार बेग मुनशी व लिजिटसाहेब या दोघा सुज्ञ गृहस्थांनी गोविंदरावांची समजूत घातली, आणि १८४१ साली जोतीराव स्कॉटिश मिशनच्या शाळेत दाखल झाले. दोघांनी शब्द टाकिला म्हणून एक मूल शिकले! ज्याच्यासाठी शब्द टाकणारे कोणी नाही, त्या मुलाने काय करावे? जोतीरावांचे पुढील सर्व आयुष्य हे या प्रश्नाचे उत्तर होय.

अहमदनगर येथे मिस फरार यांच्या मुलींच्या शाळा पाहून त्यांनी १८४८ साली बुधवार पेठेत भिडे यांच्या वाड्यात मुलींची शाळा काढिली. त्या वेळी त्यांचे वय अवघे एकवीस वर्षांचे होते. त्यांनीच शिकविलेल्या त्यांच्या पत्नी सावित्रीबाई तेथे शिकवू लागल्या. वाटेत लोकांनी त्यांच्या अंगावर शेण व चिखल फेकिला. १८४९ साली उभयतांस वडिलांचे घर सोडावे लागले. तरी कार्य थांबले नाही. महार-मांगांच्या मुलांसाठीही त्यांनी शाळा काढिल्या. त्यांच्या शाळेतील मुक्ता या चौदा वर्षांच्या मांग मुलीने १८५५ साली ‘ज्ञानोदय’ पत्रात आपल्या लोकांच्या दुःखावर निबंध लिहून विचारी लोकांस चकित केले.

विधवांच्या अर्भकांचे प्राण वाचावे म्हणून त्यांनी आपल्या घरी बालहत्या प्रतिबंधक गृह उघडिले, व अशाच एका मुलास, यशवंतास, १८७४ साली दत्तक घेऊन पुढे डॉक्टर केले. १८८२ साली हंटर कमिशनपुढे त्यांनी निवेदन दिले की, बारा वर्षांच्या वयापर्यंत प्राथमिक शिक्षण सक्तीचे असावे. पुणे नगरपालिकेचे सभासद असताना, गरिबांचे शिक्षण उपेक्षित ठेवून मंडईच्या भव्य इमारतीवर पैसा खर्च करण्यास त्यांनी विरोध केला. तरीही ती इमारत १८८६ साली रे मार्केट या नावाने उघडली, आणि आज तीच त्यांचे नाव धारण करिते!

२८ नोव्हेंबर १८९० रोजी जोतीराव निवर्तले. सहा ते चौदा वर्षांच्या प्रत्येक बालकास शिक्षणाचा हक्क देणारा कायदा २००९ साली झाला. म्हणजे त्यांच्या मागणीनंतर सव्वाशेहून अधिक वर्षांनी.

विद्यार्थी मित्रहो, जे शिक्षण आपणांस सहज लाभले, त्यासाठी कोणी घर सोडिले हे विसरू नका. आणि आईबापांस आमची विनंती ही की, शाळेच्या वेळी ओझे वाहणारे मूल मंडईत दृष्टीस पडल्यास केवळ हळहळून पुढे जाऊ नये. त्याच्या वडिलांशी दोन शब्द बोलावे. कायदा झाला तरी, शब्द टाकणाऱ्या शेजाऱ्याची गरज अद्याप संपलेली नाही.